चिठ्ठी बदलली, नळी नाही

मंगळवार, बारा तारीख

प्रिय मावशी,

नमस्कार. मी बरी आहे. तुझा गुडघाही बरा असेल. आधी घडलं ते क्रमाने लिहिते.

१. शनिवारी सकाळी आठला मी पाच नंबरच्या खाटेवरच्या शिंप्याला शिरेतून दुधाळ पोषणद्रव सुरू केला. त्याची नळी चोवीस तासांत बदलावीच लागते. तारीख-वेळ लिहून चिठ्ठी नळीला चिकटवली.
२. रविवारी मला सुट्टी होती.
३. सोमवारी सकाळी सातला तो तापाने थंडी भरून कुडकुडत होता. चिठ्ठीवर रविवारची तारीख होती, पण ती जाड लागली. नखाने उचकटली. खाली माझी शनिवारची चिठ्ठी.
४. द्रव बंद केला, डॉक्टरांना बोलावलं, नळी तपासणीसाठी ठेवली, नोंद केली.

आज त्याचा ताप थोडा उतरलाय. म्हणाला, "सिस्टर, इतक्यात माझ्या कफनाचं माप घेऊ नका."

काल काकांचा फोन आला. "मावशी सहा महिन्यांत निवृत्त होतेय. घरातलीच असून केसाने गळा कापणार का?"

मी विचारलं, "काका, चिठ्ठी कुणी लिहिली ते तुम्हाला कसं कळलं? मी नोंदीत लिहिलंच नव्हतं."

त्यांनी फोन ठेवला.

लिहिलं नाही, हा माझा भित्रेपणा. माझ्या शाळेच्या वह्यांवर नाव तूच घालायचीस. तुझं अक्षर मला कळणार नाही? मी गप्प राहिले म्हणून सगळं रविवारच्या नव्या सिस्टरवर आलं. ती रडत होती आणि तू, वॉर्डची मुख्य सिस्टर, तिच्यासमोर बसून चहा प्यालीस.

आणखी एक. मागच्या वर्षी वॉर्डातल्या नळ्या संपल्या, तेव्हा तू म्हणालीस, "आजच्या दिवस चालतंय गं, फार शहाणपणा नको." त्या दिवशी जुन्या नळीवर नवी चिठ्ठी मी लावली होती. हेही चौकशीत सांगणार आहे. नोकरी गेली तर जाऊ दे.

रविवारीही नळ्या नव्हत्या का? मग तसं लिही. ज्यांनी पुरवल्या नाहीत त्यांना जाब विचार, मी तुझ्या शेजारी उभी राहीन. त्या मुलीच्या माथी मारलंस तर मात्र समोर उभी राहीन.

चौकशी शुक्रवारी अकराला आहे. गुरुवारी संध्याकाळी सहापर्यंत मला लेखी उत्तर दे. फोन नको, काकांकरवी निरोप नको. उत्तर आलं नाही, तर नाव मी घेईन.

तुझ्याच हाताखाली शिकलेली,
तुझी भाची