उत्तरेची पन्हळ

रविवार, २ फेब्रुवारी

पोहोचलो! काम्पोतहून एक बस, मग दुसरी बस, आणि शेवटचे सोळा किलोमीटर मालाच्या रिक्षात नव्या टायरांच्या थप्पीवर बसून. खोली सायकलींच्या शेडवरच आहे, लाकडी, छोटी. खिडकीसमोर कापणी झालेली भातखाचरं आणि खाली दोन म्हशी. सगळीकडे ग्रीसचा वास. सहा वर्षं शाळेत खडूची भुकटी खाल्लेल्या माणसाला ग्रीस म्हणजे अत्तरच.

मालकीण निमोल शहरात, सिएम रीपला असते, इथलं सगळं सारोउन बघतो. पन्नाशीचा, काटक, पोटऱ्या देवळाच्या खांबांसारख्या. वयाने थोरला म्हणून मी त्याला बोंग म्हणतो. मी मिरीच्या मळ्यांच्या काम्पोतचा आहे कळल्यावर म्हणाला, "अरे देवा, मिरीवाला! तुमच्याकडे म्हणे बाळाच्या दुधातसुद्धा मिरी घालतात." मग सायकलची चेन काढून माझ्या हातात दिली आणि बसवायला सांगितली. मला अकरा मिनिटं लागली. तो पोट धरून हसला.

काम सोपं आहे. पाहुण्यांना सायकलवरून बत्तीस किलोमीटर फिरवायचं, तीन देवळं दाखवायची. पहिली दोन सगळ्यांना ठाऊक असलेली. तिसरं, प्रासात अंदाउंग, नऊ घरांच्या एका वस्तीमागे झाडीत आहे. तिथे दुपारचं जेवण. धाकट्या बहिणीला, रासमेयला, कळवलं, की तुझा भाऊ आता फळ्यासमोर उभा नसतो, वाऱ्यावर असतो.

गुरुवार, ६ फेब्रुवारी

पहिली फेरी पार पडली. सहा पाहुणे. त्यांत विलेम नावाचा एक उंच डच म्हातारा, निवृत्त दंतवैद्य. त्याचे गुडघे हँडलला लागत होते. तांबड्या मातीने सगळ्यांच्या भुवया रंगल्या. त्याच्या मायदेशात चढच नसतो म्हणून तो प्रत्येक बांधावर उतरून सायकल ढकलत होता, आणि स्वतःवरच हसत होता. मला तो फार आवडला.

अंदाउंगचं देऊळ छोटं आहे. जांभ्याचा चौथरा, विटांचा एकच मनोरा, आत गाभारा. पिंडी चोरांनी कधीच नेली. खाली काही पुरलेलं सापडेल म्हणून त्यांनी शाळुंकेखालची जमीनही खणली, तिथे आता खड्डा आहे. भिंतीतून उत्तरेला दगडी पन्हळ बाहेर येते. पिंडीवर अभिषेक होत असे तेव्हा त्यातून पाणी पडायचं.

पिंडी नाही, अभिषेक नाही, नोव्हेंबरपासून पाऊस नाही. तरी पन्हळ ओली होती. पाण्याने नव्हे. पिकलेल्या गळवातून यावं तसं काहीतरी पिवळट, घट्ट, हळूहळू टोकाशी जमत होतं आणि लोंबत होतं. विलेमने रुमालाच्या कोपऱ्याने ते टिपलं, हुंगलं आणि रुमाल फेकूनच दिला. म्हणाला, चाळीस वर्षं लोकांच्या तोंडात वाकलो आहे, हा वास मला माहीत आहे. कुजलेली दाढ उपटल्यावर खालून येतो तो.

सारोउन म्हणाला वटवाघळं आहेत. मी वर पाहिलं. वटवाघूळ एकही नव्हतं.

जेवण मात्र असं, की वास विसरलो. मिंग फल्ला, म्हणजे फल्ला मावशी, स्वयंपाक करते, वस्तीतली साठीची बाई, गोल चेहऱ्याची. तांदळाच्या शेवया, त्यावर माशाचा हिरवा रस्सा, केळफूल, काकडी. मी तीन वाडगे खाल्ले, विलेमने चार.

शनिवार, १५ फेब्रुवारी

सगळे पाहुणे रस्सा पुन्हा मागतात. बोटं चाटतात, वाडगे चाटतात. परवा एका फ्रेंच बाईने नवऱ्याचा वाडगा ओढून घेतला. तो चिडून तिच्या मनगटाला चावला. मग दोघंही हसली, पण मनगटावर दातांचे वळ होते.

विलेम गेला नाही. त्याचं विमान मंगळवारीच उडालं. तो शहरातून रोज भाड्याची सायकल घेऊन एकटाच अंदाउंगला येतो. आज जवळून बोललो. हिरड्या पांढऱ्या पडल्या आहेत आणि दातांच्या फटींतून केसासारखे बारीक पांढरे धागे बाहेर आले आहेत. मी सांगितलं तसे त्याने जिभेने आत ओढून घेतले. दंतवैद्य माणूस! त्याला त्याचं काहीच वाटलं नाही.

मला घरचं जेवण गोड लागत नाही. काल शेडमध्ये मासा भाजला, तो पुठ्ठ्यासारखा लागला. दुपारची वाट बघतो.

रविवार, २३ फेब्रुवारी

भीती नाही वाटत, किळस वाटते.

आज पाहुण्यांच्या आधी तासभर पोहोचलो. मिंग फल्ला पन्हळीखाली उकिडवी बसली होती. हातात करवंटी. पन्हळीच्या टोकाचा तो लोंबता गोळा ती बोटाने तोडून करवंटीत घेत होती. गोळा सुटेना. चिकट तार लांबत गेली, मग सुळकन आखडली. ती आखडली! ओढलेल्या गोगलगायीसारखी. बाईने करवंटी रश्शाच्या पातेल्यात पालथी केली आणि ढवळलं.

मी तिथेच ओकलो. ओकारीत कालच्या शेवया होत्या, आणि शेवयांत पांढरे धागे. ते मातीत वळवळत पन्हळीच्या दिशेने निघाले.

मी शी शी करत गळ्यातला क्रमा, तो चौकड्यांचा पंचा, तोंडावर दाबून उभा होतो, तर बाई शांत. म्हणाली, "शी काय करतोस? काळे कपडेवाले राज्य करत होते, सगळा देश उपाशी मरत होता, त्या वर्षांत माझी आई ह्याच पन्हळीला तोंड लावून जगली. तुझ्या गावचे काय खात होते? विंचू आणि केळीचे खुंट. आम्ही गुबगुबीत होतो रे. मरणाच्या वर्षांत गुबगुबीत!"

मी विचारलं, मग पाहुण्यांना का? ती पातेलं ढवळत राहिली. "फुकट नाही देत ते. ज्याने पोटभर खाल्लं, त्याला एक दिवस आत बोलावतं. आधी पाळीपाळीने घरातलं माणूस जायचं. माझी आई गेली, दोन भाऊ गेले. आता आम्ही आठवड्याला चमचाभर घेतो, सुटत नाही म्हणून. आणि पाहुणे येतात. बरं झालं ना?"

सारोउनला हे ठाऊक आहे. तो ह्याच वस्तीतला आहे. त्याने मला एवढंच विचारलं, की आत्तापर्यंत किती वाडगे झाले.

रविवार, २ मार्च

आठ दिवस खाल्लं नाही. म्हणजे ते खाल्लं नाही. भात गिळला की पोट बाहेर फेकतं. घामालाही तो दाढेचा वास येतो. स्वतःचा हात तोंडाजवळ आला की मळमळतं आणि लाळ सुटते, दोन्ही एकदम.

बुधवारी पळालो. सिएम रीपपर्यंत गेलो. बाजारात प्राहोकचे हंडे उघडे होते, आंबवलेल्या माशांचा तो दर्प. मला वाटलं ह्याने तरी जीभ जागी होईल. काही नाही. पाय आपोआप परतीच्या गाडीकडे वळले. मीच वळवले असतील.

निमोलला सगळं सांगितलं. ती हसली. पाहुणे खूश आहेत, तुला रस्सा आवडत नसेल तर डबा ने, म्हणाली.

काल पाहुण्यांसमोर पातेलं लाथ मारून उलथवलं. वाटलं, ओरडतील, तक्रार करतील. आठही जण गुडघ्यांवर आले. मातीतला रस्सा ओरबाडून, माती, मुंग्या, सगळ्यासकट तोंडात कोंबत होते. एक आजीबाई माझा बूट चाटत होती.

मी पाय काढून घेतला नाही. तिच्या तोंडाकडे बघत होतो. मला हेवा वाटला.

बुधवार, ५ मार्च

रासमेयचा फोन. नोम पेन्हच्या शिवणकारखान्याला शनिवारी महिला दिनाची सुट्टी आहे. एक दिवस जोडून ती शुक्रवारी इथे येतेय. मी म्हणालो येऊ नकोस, मी आजारी आहे. ती म्हणाली, "आजारी आहेस म्हणूनच येतेय, बोंग. आणि ऐक, मला तुझी ती देवळं बघायचीत. सगळ्या पोरींना सांगून ठेवलंय, माझा भाऊ साहेब झाला."

तिकीट काढून झालं होतं तिचं.

शुक्रवार, ७ मार्च

आली. केस कापलेत. मला बघून तिचा चेहरा उतरला, नाकाला रुमाल लावला आणि मग लाजून काढला. मी तिला सांगितलं, की इथलं काही खाऊ नकोस, पाणीसुद्धा नाही, दुपारच्या बसने आपण दोघं जाऊ. तिने मान डोलावली. मी नाक्यावर बसची वेळ विचारायला गेलो. जेमतेम वीस मिनिटं.

परत आलो तर शेडमध्ये एक सायकल कमी, उरलेल्या कुलपात. सारोउन पाहुण्यांबरोबर तिलाही घेऊन गेला होता. तुझ्या भावानेच बोलावलंय, असं तिला सांगून.

चार वाजता ती परत आली. लालबुंद, आनंदात. ओठांच्या कडा हिरव्या. "बोंग, तू मला ह्या शेवयांबद्दल कधी बोलला का नाहीस?"

मी सारोउनच्या गळ्याला हात घातला. त्याने हात झटकलासुद्धा नाही. त्याच्या मुलीचं नाव त्याने घेतलं. एकोणीस वर्षांची आहे, म्हणाला. ह्या वर्षी त्यांच्या घराची पाळी होती, तिच्याऐवजी कुणीतरी द्यायचं होतं.

शनिवार, ८ मार्च

सकाळी रासमेय खोलीत नाही. तिच्या उशीवर पांढरे धागे. एका जेवणात. मला दोन आठवडे लागले, तिला एक जेवण—

देवळात गेलो. गाभाऱ्यात उतरलो. खड्डा रिकामा नाही.

खड्ड्यात मांस आहे. दुसरा शब्द नाही. सोललेल्या जिभेसारखं, पांढुरकं, काठापर्यंत भरलेलं, आणि ते हलतं. भोवती माणसं पालथी पडलेली, वासरं गाईला लुचतात तशी तोंडं त्याला लावून. विलेम होता. मी त्याला खांद्याला धरून उलटा केला. ओठ नव्हते. जबडाही नव्हता, नुसता मऊ लगदा, त्याच्यात आणि त्या मांसात शिवण दिसत नव्हती. डोळे माझ्याकडे वळले. ओळखलं त्याने. मग लगदा चुळकन परत चिकटला.

रासमेय काठावर होती. अजून पूर्ण होती. ओढून काढली. तिने मला चावलं. गळ्यातल्या पंच्याने तिचे हात बांधून सायकलवर घातली.

रविवार, ९ मार्च

दार आतून लावलंय. ती कण्हते. पाणी दिलं, थुंकली.

बस नाही. सारोउन शेडच्या पायरीवर बसलाय, काही करत नाही. नुसता बसलाय.

रासमेय म्हणते भूक, बोंग, भूक. तिच्या दंडाला तो वास. मी तिच्या दंडाजवळ— नाही. भिंतीकडे तोंड करून बसलो.

दुपार. मी डोळा मिटला असेन. गाठ सुटलेली. खिडकी—

सोमवार, १० मार्च

गाभाऱ्याच्या उंबऱ्यावर आहे. ऊन आहे. बाहेर पाहुण्यांच्या सायकलींच्या घंटा.

ती आत आहे. हाक मारली. तिने तोंड वर केलं. ओठांची कड थोडीशीच गेलीय. अजून वेळ आहे. बोलते अजून.

"बोंग, इकडे ये. माझ्या शेजारी जागा आहे."

किळस येते. लिहून ठेवतो, किळस येते, घशापर्यंत येते, आणि लाळ वहीवर—

तिला ओढायला दोन्ही हात लागतील. वही खाली ठेवतो. ओढतो तिला. आत्ताच ओढतो. आधी फक्त एक