भाऊजींचा पांढरा ठिपका

सौ. ताईस,

साष्टांग नमस्कार घालणार होतो, पण खुर्चीत बसून बसून पाठ धरली आहे, तेव्हा कागदावरूनच मान लववतो. तुझा गुडघा कसा आहे? भाऊजींचा रक्तदाब विचारत नाही. तो सध्या आकाशातल्या गुरूबरोबर उगवतो आणि गुरूबरोबर मावळतो, असं तूच फोनवर म्हणालीस. इकडे सगळं ठीक. तुझी भावजय माझ्याशी बोलते, पण कामापुरतं.

नोकरी सोडून मी नेमकं काय करतो, हे तू दर वेळी विचारतेस आणि मी दर वेळी विषय बदलतो. आज सांगतो. दुर्बिणीच्या मागच्या टोकाला कॅमेरा लावतात आणि ग्रहाचे धडाधड हजारो फोटो काढतात. मधली हवा सारखी थरथरत असते, त्यामुळे बहुतेक फोटोंत ग्रह पातेल्यात उकळतोय असा दिसतो. त्यातले मोजके बरे निवडायचे, एकावर एक रचायचे आणि बाकीचे फेकून द्यायचे, हे माझं सॉफ्टवेअर करतं. नोकरभरतीसारखंच आहे, फक्त इथे वशिला चालत नाही.

मी एकटा होतो, तोवर काम सोपं होतं. मग भाऊजींनी मोठ्या मनाने ते सॉफ्टवेअर त्यांच्या आकाशप्रेमी मंडळात वाटलं, आणि माझ्या डोक्याला ताप झाला. (मंडळात आकाशावर प्रेम सगळ्यांचंच आहे, एकमेकांवर कोणाचंच नाही.) अंधारात डोळे दिपतात म्हणून संगणकाचा पडदा लाल करा, असं सगळ्यांनी सांगितलं. केला. चित्रण थांबवायचं बटण मी आधीपासून लालच ठेवलं होतं, कारण थांबायची खूण लालच असते. मंडळातल्या दातांच्या डॉक्टरांना ते लाल पडद्यावर सापडेना, गुरू मावळून समोरच्या इमारतीमागे गेला तरी चित्रण चालूच, आणि शेवटी संगणक भरून बंद पडला. आता त्यांच्याकडे त्या इमारतीच्या भिंतीचे जगातले सर्वांत स्पष्ट फोटो आहेत. त्यांनी आभार मानले नाहीत.

तर मुद्द्यावर येतो. भाऊजींना गुरूवर पांढरा ठिपका सापडला आहे आणि रविवारी मंडळाच्या सभेत ते तो जाहीर करणार आहेत. बाहेरचे जाणते अभ्यासकही यायचे आहेत. ताई, तो ठिपका खोटा आहे. गुरू दहा तासांत स्वतःभोवती गरकन फिरतो, त्याच्यावरची कुठलीही खूण बघता बघता सरकते. हा ठिपका मात्र ठाण मांडून बसला आहे. मी हे हळूच सुचवलं, तर भाऊजी म्हणाले, ठिपका उलट दिशेने तेवढ्याच वेगाने पळत असणार. परवा तो त्याच जागी शनीवरही उमटला. दुसरा कोणी असता तर वरमला असता. भाऊजींनी ‘प्रादुर्भाव वाढतोय’ असं मंडळाला कळवलं.

उघड आहे, त्यांच्या कॅमेऱ्याच्या काचेवर काहीतरी बसलं आहे. आयुष्यभर साफसफाई तुझ्यावर टाकली की हे असं होतं. चारचौघांत त्यांचं हसं झालेलं मला बघवणार नाही. तेव्हा ते दुपारी आडवे झाले की गुपचूप रबरी फुग्याने काचेवर हवा मार. (तोंडाने फुंकू नकोस. थुंकी उडाली तर आणखी ठिपके जाहीर होतील.) गुडघ्याला जप.

तुझा,
धाकटा

ता. क. : पाकीट चिकटवणार तोच दातांच्या डॉक्टरांचा निरोप आला. त्यांनाही ठिपका दिसला. पाठोपाठ परदेशातल्या एका गृहस्थांनाही. जागा तीच. तिघांचे कॅमेरे वेगळे, सॉफ्टवेअर मात्र माझं. ते उघडून तपासलं. काचेवरची धूळ फोटोतून वजा करण्यासाठी आधी कोऱ्या पांढऱ्या पडद्याचा फोटो घेतात. ज्याचा त्याने आपला घ्यायचा असतो. मी चाचणीसाठी घेतलेला माझाच फोटो सॉफ्टवेअरमध्ये विसरलो. माझ्या काचेवरच्या धुळीचा काळा डाग सॉफ्टवेअर सगळ्यांच्या फोटोंतून इमानेइतबारे पुसतं, आणि तिथे डाग नसल्यामुळे पांढरा ठिपका उमटतो. फुगा ठेवून दे. भाऊजींच्या साफसफाईबद्दल लिहिलेलं मागे घेतो.

ता. क. दुसरा : भाऊजींना फोन करून सगळं सांगितलं. सांगताना मला रडूच यायचं बाकी होतं. मग म्हणाले, “बरं. रविवारी मीच उभा राहून सांगतो, ठिपका नाही, धूळ आहे. पण त्याला तुझ्या ताईचं नाव देणार होतो रे. मंडळात ती कधी पाऊल टाकत नाही. म्हटलं, या निमित्ताने तरी येईल. आता कशाला येतेय! तिला यातलं काही बोलू नकोस.” मी शब्द दिला आणि आता तो मोडून हे पत्र टाकतोय. कारण रविवारी तू मैत्रिणीकडे जाणार आहेस, हे मला माहीत आहे. जाऊ नकोस. सभेला जा, पहिल्या रांगेत बस, आणि ते ‘धूळ आहे’ म्हणतील तेव्हा पहिली टाळी तुझी पडू दे. त्यातूनही त्यांनी त्या धुळीला तुझंच नाव दिलं, तर मान खाली घालू नकोस. शेवटी ती तुझ्या माहेरचीच आहे.