पाणमांजरापुढे मारलेली हाक

ताईस,

धाकट्याचा वाकून नमस्कार. तुझे गुडघे बरे असतील, आणि मांजरीने पुन्हा तुझ्या शालीवर बाळंतपण उरकलं नसेल, अशी आशा करतो. तुझी तक्रार पोचली. मी टीव्हीवर नुसते ओठ हलवतो, फोनवरही तोंडातल्या तोंडात पुटपुटतो, आणि शेजारच्या वहिनींनी माझं कौतुक केलं की तुला उगाच मान डोलवावी लागते. तुझे कान शाबूत आहेत हेही लिहिलंस (दोनदा, खाली रेघ मारून). मानलं. चूक माझीच. पंधरा वर्षं प्राण्यांचा तज्ज्ञ म्हणून कॅमेऱ्यासमोर कुजबुजण्याचीच नोकरी केली. (प्राणी पाव मैल लांब असतो, पण दिग्दर्शकाला कुजबुजल्याशिवाय जंगल वाटत नाही.) आता खोडच जडली आहे. परवा अंडी मागितली तर दुकानदारानेही इकडेतिकडे बघून, गुपचूप कागदात गुंडाळून दिली.

तुझं पत्र खिशात घालूनच नदीवर गेलो. सहा दिवस चिखलात पालथा पडून होतो. सातव्या सकाळी पाणमांजराची एक मादी मासा घेऊन दगडावर येऊन बसली. लहानपणी तू मला कडेवर घेऊन गटारातला बेडूकसुद्धा केवढ्या कौतुकाने दाखवायचीस, ते आठवलं, आणि शिकलेलं सगळं विसरून मी ओरडलो, "ताई, ही बघ, आली गं!" आवाज टिपणाऱ्याने कानांवरचे हेडफोन उपटून फेकले. दिग्दर्शकाने कपाळाला हात लावला. तो ते वाक्य कापायचं म्हणतो. मी सांगितलं, ते ठेवा, नाहीतर दुसरा तज्ज्ञ बघा. नोकरी गेली तर तुझ्याकडेच राहायला येईन (शालीवर, मांजरीशेजारी).

तुझा,
धाकटा

ता. क. : ती मादी पळाली नाही. तिने मानसुद्धा वळवली नाही. तज्ज्ञ म्हणून माझं मत असं, की वय झालंय, ऐकू कमी येतं, पण बाई कबूल करायची नाही. रागावू नकोस.

आणखी एक ता. क. : वर खोटं लिहिलं. फोनवर मी कधीच कुजबुजलो नाही. इतका ओरडतो की दिग्दर्शक मला फोन करायला गाडीत बसवून काचा वर करतो. तुझा आवाज मला येतो आणि माझा तुला पोचत नाही, हे मला सोसवत नाही गं. गुरुवारी आपण कानाच्या डॉक्टरांकडे जाऊ. आधी माझे तपासायला सांगेन, म्हणजे तुला संकोच नको. सकाळी नऊला येतो. बेल वाजवणार नाही. कडी काढून ठेव.