चादरीबाहेर गेलेला काळोख

तिरोडी,
११ नोव्हेंबर १९७३

चि. शीला हिस,
अनेक आशीर्वाद व जयभीम. इकडे सर्व खुशाल. तू पुण्याच्या सिनेमा-शाळेसाठी दिवाळीत इथं केलेलं रीळ काल आंगणात चादर बांधून पाहिलं. ‘आईची नजर’ हे नाव वाचून दाखवलं तं आई लाजली. पण बाई, चित्र चादरीच्या मधात थाळीएवढं, अन् भवताल नुसता काळोख! कॅमेरा धरता येत नाही काय तुले? मशीनवाला मोतीलाल हुशार. त्यानं मशीन मागं नेली, थाळी चादरभर झाली, काळं सारं बाहेर गेलं. मग झकास दिसलं. तुझी सीतावहिनी म्हणे, पाहा, आईले तं सारंच दिसते, माझी घागर मुद्दाम लाथाडते. तवा आईले डॉक्टरकडे न्यायचं आता राहू दे. लोभ आहेच, वाढव.
तुझा वसंतादादा

पुणे,
१७ नोव्हेंबर १९७३

ती. वसंतादादास,
सविनय जयभीम. वि. वि. तुझं पत्र दोनदा वाचलं. दुसऱ्यांदा राग कमी होईल असं वाटलं होतं. झाला नाही.

तो काळोख हीच फिल्म होती. भिंगापुढचं काळ्या पुठ्ठ्याचं भोक मी स्वतः कापलं. उन्हाळ्याच्या सुट्टीत आईला समोर बघायला लावून मी बाजूने बोट आणत होते, तेव्हा तू हसलास. बोट तिला जिथे दिसू लागलं, तेवढंच ते भोक आहे. मधलं तिला स्वच्छ दिसतं, म्हणून ती सुईत दोरा ओवते. बाजूचं दिसत नाही, म्हणून घागरीला पाय लागतो. मी सांगितलेलं ऐकून इथल्या डॉक्टरांना काचबिंदूची शंका आहे. गेलेली नजर परत येत नाही, उरलेली राखता येते. हे सगळं लिहिलं, तर तू मला सुईचं कौतुक कळवलंस. म्हणून फिल्म केली. आणि आईला जे दिसत नाही तेच तुम्ही चादरीबाहेर घालवून तिला सगळं दिसतं असं ठरवलंत! वहिनीला सांग, मुद्दाम लाथाडायलासुद्धा घागर आधी दिसावी लागते.

मशीन होती तिथे आण. आईला शेजारी बसवून पुन्हा पाहा. मग हुशार कोण ते लिही. लोभाचं त्यानंतर बघू.
शीला

तिरोडी,
२४ नोव्हेंबर १९७३

चि. शीला,
जयभीम. मशीन पुढं आणली. चित्रातली सीता घागर घेऊन थाळीबाहेर गेली अन् गायबच झाली. मोतीलाल पुन्हा मशीन सरकवायले उठला, त्याले मी खाली बसवलं. मग आईले विचारलं, तुले एवढंच दिसते काय. तं म्हणे, हौ, एवढंच तं असते. तुमाले याच्या भवताल आणखी काही दिसते काय रे?

सीतानं उठून वाटेतली घागर ओट्यावर ठेवली.

उद्याच्या गाडीनं आईले नागपूरले डोळ्याच्या डॉक्टरकडे नेतो. रागव, पण बहीण राहा.
वसंता