बापूंबरोबर खिंडीपलीकडे

१० जून
निघालो! नवऱ्याचा, किशोरीचा, पाय प्लास्टरमध्ये, म्हणून यंदा मेंढरांबरोबर मी आणि सासरे, बापू. सासूबाई म्हणाल्या, "वर अस्वलं असतात. आणि ह्यांचं घोरणं!" किशोरीने त्याचा लोकरी कोट तेवढा माझ्या अंगावर चढवला.

१५ जून
खिंड चढले. म्हणजे — बापूंनी चढवली. बर्फावर नुसती घसरत होते. "पोरी, डोंगराशी भांडू नकोस. तिरकी चाल."
मुक्कामावर पोचलो तर तळपायांना फोड. बापू तूप कोमट करून आले. मी पाय ओढून घेतले. "पाप लागेल मला!"
"लागलं तर मला लागेल. पाय दे इकडं."
सासऱ्याने सुनेचे पाय चोळलेले ऐकलेत कुणी? डोळे भरून आले. धुराचं निमित्त सांगितलं.

२ जुलै
आज ओढ्यापर्यंतची वाट विचारावी लागली नाही.

१९ जुलै
बापू तापाने फणफणलेत. मेंढरं एकटीने नेली. दुपारी असं धुकं उतरलं की हातातली काठी दिसेना. कळपाचा कुत्राही पायाशी येऊन बसला — घाबरट!
उभी राहिले. ओढा ऐकू येत होता. वरच्या कड्यापाशी तो घुमतो, खाली नुसता खळखळतो. हा खळखळत होता. म्हणजे आता पायाखाली बारीक खडी हवी, मग ओलं शेवाळ. होतं! शीळ घातली. सगळी आली मागोमाग. एक कोकरू कोटात.
बापू अंगात ताप घेऊन बाहेर बसलेले. "घसा सुकला हाका मारून!"
"ऐकूच आल्या नाहीत."
"मग आलीस कशी?"
सांगितलं. त्यांनी ताट पुढं सरकवलं. मग म्हणाले, "भाकरी खा."

६ ऑगस्ट
किशोरी आला! थोडा लंगडतोय. त्याला सगळं दाखवत सुटले — ऊन आधी कुठल्या उतारावर येतं, पाऊस आला की मेंढरं कुठल्या दगडाआड शिरतात. हसला. "माहेर दाखवल्यासारखं दाखवतेस!"
जेवताना म्हणाला, "मी खाली चंबा शहरात टॅक्सी चालवणार. बापू, कळप विकू या. तुम्हाला आता झेपत नाही."
बापूंच्या हातातला घास हातातच राहिला.

७ ऑगस्ट
सकाळी मी म्हटलं, "तू चालव टॅक्सी. कळप विकायचा नाही. मी आहे."
"आणि घरी मी काय खाऊ?"
"भाकरी थापायला शीक."
 मेंढरं सुटली तेव्हा बापू कळपाच्या पुढून बाजूला झाले.
"चल, पुढं हो. मी मागची लंगडी-पांगळी घेऊन येतो."