तप्त तवा

यमुना शांताराम विजयकर,

तुझे संपूर्ण नाव मी यापूर्वी तीनदाच लिहिले आहे. शिधापत्रिकेवर, स्मशानाच्या नोंदवहीत, आणि त्याच्या कितीतरी आधी तुझ्या नाटकाच्या सुवाच्य प्रतीवर, ‘लेखिका’ या शब्दापुढे. घरात नावाने हाक मारण्याची आपल्याकडे रीत नव्हती. तुला जाऊन सव्वीस वर्षे झाली. आज गिरगावची खोली रिकामी करताना ट्रंकेच्या तळाशी तुझी मूळ वही सापडली, म्हणून लिहितो आहे.

संयुक्त महाराष्ट्राच्या चळवळीचे ते दिवस. लालबागच्या चाळीत वाढलेली तू कामगार रंगभूमीवर नावारूपाला आली होतीस, आणि लिहिलेस ते नाटकही तिथलेच. मोर्चाला गेलेला नवरा परत येत नाही, आणि त्याची बायको चुलीपाशी बसून राहते. तू ते स्वयंपाकघरात पाटावर बसून लिहिलेस, ओठांतल्या ओठांत पुटपुटत, तुझ्या आईच्या मालवणीत. प्रयोगापूर्वी संहिता सरकारी तपासणीला पाठवावी लागे. शिक्का मारून आलेल्या प्रतीबाहेरचा शब्द रंगमंचावर उच्चारणे म्हणजे परवानगी गमावणे. माझे अक्षर चांगले, म्हणून प्रत करण्याचे काम तू विश्वासाने माझ्याकडे दिलेस.

प्रयोगाच्या आदल्या दिवशी शिक्क्याची प्रत परत आली. तू उभ्या उभ्या चार पाने वाचलीस.

“अहो, ही माझी बाई नाही. ही तुमच्या कचेरीतली हेडक्लार्क आहे.”

“शुद्ध केले आहे, एवढेच.”

“शुद्ध? म्हणजे माझी आई जन्मभर अशुद्ध बोलली म्हणायची!”

हाताला सवयच तशी, लिहिता लिहिता झाले, असे मी म्हणालो. नवी प्रत तपासून घ्यायला वेळ उरला नव्हता.

परळच्या त्या नाट्यगृहात शेवटच्या रांगेपर्यंत गिरणीची माणसे बसली होती. मागे, दाराशी, साध्या वेषातला पोलीस मांडीवर प्रत उघडून बसलेला. शेवटच्या प्रवेशात, त्या बायकोच्या भूमिकेत, तू चुलीकडे पाहतेस. वहीत होते, ‘भाकरी निवली, पण तवो अजून तापलेलो आसा.’ तू म्हणालीस, “भाकरी थंड झाली, परंतु तवा अद्याप तप्त आहे.” मागून एक आवाज आला, “बाये गे, तप्त तवो खंय मिळता? आमकाय होयो!” सारे नाट्यगृह हसले. माणसे वाईट नव्हती. त्यांना खरोखरच हसू आले. तू तशीच बसून राहिलीस, पडदा पडेपर्यंत.

त्यानंतर तू लिहिले नाहीस. दादरच्या स्टुडिओतून बोलावणी येऊ लागली. हुंदक्यांच्या भूमिका, संवाद दोन-तीन ओळींचे, तेही दुसऱ्यांनी लिहिलेले. पडद्यावर तू कितीदा विधवा झालीस. लोक तुझ्या रडण्याची वाखाणणी करीत, आणि मी ती अभिमानाने ऐकून घेत असे. एकदा मी विचारले, “पुन्हा काही लिहीत का नाहीस?” तू तांदूळ निवडत होतीस. मान वर न करता म्हणालीस, “लिहीन की. प्रत कोण करणार?”

ती हाताची सवय नव्हती. माझ्या कचेरीतले दोन गृहस्थ पहिल्या रांगेत बसणार होते. त्यांना तुझे माहेर ऐकू येऊ नये, म्हणून मी एकेक ओळ जाणूनबुजून बदलली, आणि प्रत तपासणीला पाठविण्यापूर्वी तुला दाखविली नाही. हे तुला ठाऊक असावे, असे मला नेहमी वाटत आले. विचारण्याचे धैर्य झाले नाही.

हे पत्र आता त्याच वहीत ठेवतो. एक गोष्ट मात्र नोंदवली पाहिजे. मघाशी खोलीत वही वाचताना पहिल्याच पानावर ऱ्हस्व-दीर्घाची एक चूक दिसली, आणि मी पेनाचे टोपण काढले होते. पुन्हा लावले. वही पिशवीत घातली, दाराला कुलूप लावले आणि किल्ल्या घरमालकांच्या मुनिमाकडे परत केल्या.