कॅप्टनचा आवाज

देवपूर, रविवार, २१ फेब्रुवारी १९८८

रेडिओवरची अंतराळयानाची मालिका आज संपली. नऊ वर्षं ऐकली. मी दुकानात, माझी थोरली बहीण अक्का मागे घरात. ताऱ्यांत हरवलेला कॅप्टन अखेर पृथ्वीवर परतला. दुकानात टाळ्या पडल्या. "भाऊ, पेढे काढा, पाव्हणा घरी आला!" मीही हसलो.

पण आवाज? पहिल्याच वाक्याला कळलं, बोलणारा दुसराच आहे. रेडिओ दुरुस्त करण्यात जन्म गेला, कान फसत नाहीत. आमच्या कॅप्टनचा आवाज वाक्य संपताना किंचित घोगरा व्हायचा. हा अगदी स्वच्छ. कुणाला बोललो नाही, उगाच विरजण कशाला? घसा बसला असेल त्याचा. की माणूसच...? तो घोगरेपणा काही डोक्यातून जाईना.

घरात गेलो तर अक्का न्हाणीतून ओल्या केसांनी बाहेर आली. कुणी गेल्याचं कळल्यावर करतात तशी, भर तिन्हीसांजेला डोक्यावरून अंघोळ.

"भाऊ, तो आवाज त्याचा नव्हता ना?"

मी मान हलवली. खात्री नाही, त्याचं नावही माहीत नाही, सुतक कसलं? तरी शर्ट काढला.

"अक्का, माझंही पाणी काढ."